जादा क्लाउड स्टोरेज घेताना पैसे अडले तर

हिवाळ्याचा हंगाम लागला की अजिंठ्याच्या लेण्यांवर सोमवारची सुट्टी सोडून रोज गर्दी असते. फर्दापूरच्या फाट्यापासून अजिंठा गावापर्यंत आणि पुढे सिल्लोड-सोयगावपर्यंत कितीतरी घरे या गर्दीवर चालतात. गाइड, लॉजवाले, गाडीवाले, फोटो स्टुडिओवाले, स्फटिक आणि रंगीत दगड विकणारे दुकानदार, सगळ्यांचा निम्मा धंदा आता मोबाइलवर आला आहे. बुकिंगचे मेल, पर्यटकांना पाठवायचे फोटो, गाडीची कागदपत्रे, उधारीच्या नोंदी, मुलांचे निकाल, सगळे एकाच गुगल खात्यात साठत जाते.

आणि नेमक्या हंगामात स्क्रीनवर सूचना झळकते: स्टोरेज भरले आहे. गुगलची जागा पूर्ण भरली की फोटोंचा बॅकअप थांबतो, ड्राइव्हवर फाइल चढत नाही आणि जीमेलवर मेल येणे-जाणेही बंद होते. समोरच्याने पाठवलेला बुकिंगचा मेल परत जातो आणि आपल्याला त्याचा पत्ताही लागत नाही. मग घाईघाईने जादा जागेचा प्लॅन घ्यायला जावे तर पैसे भरताना अडते. एकदा अडले म्हणून दुसऱ्यांदा भरतो, दुसऱ्यांदा अडले म्हणून कार्ड बदलतो. शेवटी खात्यातून पैसे गेलेले असतात, जागा मात्र होती तेवढीच असते.

हा लेख अशा वेळी काय पाहायचे, कोणत्या क्रमाने पाहायचे आणि कुठे थांबायचे याबद्दल आहे. त्यातला एक नियम आधीच सांगून ठेवतो, कारण बाकी सगळे त्यावर उभे आहे: पहिले पैसे कुठे अडकले हे कळल्याशिवाय दुसऱ्यांदा पैसे भरू नका.

भरले आहे ते नेमके काय?

बहुतेक घोटाळा इथूनच सुरू होतो. मोबाइलमध्ये जागेचे दोन वेगळे हिशेब असतात. एक फोनची स्वतःची मेमरी, म्हणजे ६४, १२८ किंवा २५६ जीबी. दुसरा क्लाउडचा, म्हणजे कंपनीच्या सर्व्हरवर आपल्या खात्याला मिळालेली जागा. दोन्हींच्या सूचना सारख्याच भाषेत येतात. फोनची मेमरी भरली असताना क्लाउडचा प्लॅन घेतला तर फोन होता तसाच अडखळत राहतो. बाहेर गोदाम भाड्याने घेतले म्हणून घरातली खोली मोठी होत नाही. सामान उचलून तिकडे न्यावे लागते, तेव्हा घर मोकळे होते.

सूचना कोणत्या ॲपमधून आली ते आधी वाचा. ॲप इन्स्टॉल होत नाही, कॅमेरा फोटो काढू देत नाही, फोन अडकतो, असे असेल तर फोनची मेमरी भरली आहे. मेल येत नाहीत, बॅकअप थांबला आहे, असे असेल तर क्लाउड भरला आहे.

क्लाउडही सगळे एक नाहीत. गुगल प्रत्येक खात्याला १५ जीबी फुकट देते आणि ती जागा जीमेल, ड्राइव्ह आणि फोटो या तिघांत मिळून असते. ॲपलचा आयक्लाउड ५ जीबी देतो, मायक्रोसॉफ्टचे वनड्राइव्हही ५ जीबी देते. आयफोन वापरणाऱ्याचा व्हॉट्सॲप बॅकअप आयक्लाउडवर जातो, अँड्रॉइडवाल्याचा गुगलवर. म्हणून आयफोनवर आयक्लाउड भरल्याची सूचना आली असताना गुगल वनचा, म्हणजे गुगलच्या जादा जागेचा, प्लॅन घेतला तर ती सूचना हटणार नाही. पैसे गेले, जागाही मिळाली, पण भलत्याच ठिकाणी.

विकत घेण्याआधी अर्धा तास साफसफाई

१ जून २०२१ पूर्वी गुगल फोटोमध्ये 'हाय क्वालिटी' दर्जाचे फोटो हिशेबात धरले जात नव्हते. त्या तारखेनंतर चढवलेला प्रत्येक फोटो १५ जीबीत मोजला जातो. व्हॉट्सॲपचा अँड्रॉइडवरचा बॅकअपही पूर्वी हिशेबाबाहेर होता. २०२४ पासून तोही आत आला. पूर्वी वर्षानुवर्षे न भरणारे खाते आता भराभर भरते, त्याचे कारण हे आहे.

साधा हिशेब करून पाहा. मोबाइलचा एक फोटो साडेतीन एमबीचा धरला तर १५ जीबीत चार हजारांच्या आसपास फोटो बसतात. फोर-के व्हिडिओचे एक मिनिट साडेतीनशे एमबीपर्यंत जाते. म्हणजे तीच जागा पाऊण तासाच्या आत संपते. लेण्यांच्या अंधारात धरलेले थरथरते लांबलचक व्हिडिओ ठेवायचे की नाही, हे पैसे भरण्याआधी ठरवलेले बरे.

साफसफाई या क्रमाने करा.

१. गुगल खात्यात 'मॅनेज स्टोरेज' उघडा. तिथे जीमेल, ड्राइव्ह आणि फोटो यांनी किती जागा घेतली ते वेगवेगळे दिसते. मोठ्या फाइली आणि मोठ्या अटॅचमेंटचे मेल वेगळे काढलेले असतात. आधी तिथे हात घाला.

२. व्हॉट्सॲपच्या चॅट बॅकअपमध्ये 'व्हिडिओ समाविष्ट करा' हा पर्याय चालू असेल तर बंद करा. गुगल फोटोमध्ये व्हॉट्सॲपच्या फोल्डरचा बॅकअप चालू असेल तर तोही बंद करा. सुप्रभातच्या चित्रांसाठी कोणी भाडे भरू नये.

३. ड्राइव्ह, जीमेल आणि फोटो या तिन्हींतला ट्रॅश रिकामा करा. पुसलेल्या वस्तू तिथे पडून असतात आणि तोवर जागा अडवतात. जीमेल आणि ड्राइव्हवर ३० दिवस, बॅकअप झालेल्या फोटोंसाठी ६० दिवस.

४. दुसऱ्याने तुमच्याशी शेअर केलेल्या ड्राइव्हच्या फाइली पुसून उपयोग नाही. त्या मालकाच्या हिशेबात धरल्या जातात.

इथे एक सावधगिरी फार महत्त्वाची आहे. गुगल फोटो ॲपमध्ये बॅकअप झालेला फोटो 'डिलीट' केला तर तो क्लाउडवरून जातो आणि फोनमधूनही जातो. फक्त फोनमधली जागा मोकळी करायची असेल तर 'फ्री अप स्पेस' हा वेगळा पर्याय आहे. तो बॅकअप पूर्ण झालेल्या फोटोंच्या फोनमधल्या प्रती काढतो आणि क्लाउडवरच्या प्रती ठेवतो. लग्नाचे, बारशाचे, गेलेल्या माणसांचे फोटो याच एका गैरसमजापायी कायमचे जातात.

कागदपत्रांपुरती जागा हवी असेल तर डिजिलॉकर पाहा. केंद्र सरकारची ही सेवा २०१५ पासून आहे. आधार, वाहन परवाना, गाडीचे नोंदणीपत्र, गुणपत्रिका तिथे थेट संबंधित खात्याकडून येतात आणि कायद्याने मूळ कागदाइतक्याच ग्राह्य मानल्या जातात. त्यांचे फोटो काढून ड्राइव्ह भरण्याची गरज राहत नाही.

खाते कोणाचे आहे?

पैसे भरण्याआधीचा हा सर्वांत मोठा प्रश्न आहे आणि आपल्या भागात त्याचे उत्तर बऱ्याचदा माहीतच नसते. नवा फोन मोबाइल शॉपीत घेतला जातो. दुकानदार पाच मिनिटांत एक जीमेल खाते काढून देतो, पासवर्ड स्वतःच ठरवतो, कधी रिकव्हरीसाठी स्वतःचाच नंबर टाकतो. फोन सुरू होतो, त्यामुळे पुढे कोणी विचारत नाही. दोन वर्षांनी फोन बदलला की तिथे दुसरे खाते निघते. जुने फोटो पहिल्या खात्यात, नवे दुसऱ्यात, आणि प्लॅन घेतला जातो तो तिसऱ्यावर.

म्हणून हे काम आजच करून टाका. गुगल फोटो उघडा. उजव्या कोपऱ्यात वर एक गोल दिसतो. त्यात तुमचा फोटो असेल किंवा नावाचे पहिले अक्षर असेल. त्यावर टिचकी मारा. पूर्ण ईमेल पत्ता दिसेल, आणि त्याच्याखाली फोनमधली बाकीची खातीही दिसतील. पत्ता कागदावर लिहून घ्या. आता तेच जीमेलमध्ये करा, ड्राइव्हमध्ये करा आणि प्ले स्टोअरमध्ये करा. चारही ठिकाणी एकच पत्ता आला तर ठीक. प्ले स्टोअरमध्ये वेगळा आला तर तुम्ही घ्याल तो प्लॅन त्या वेगळ्या खात्याला लागेल, आणि ज्या खात्यात फोटो आहेत ते भरलेलेच राहील.

खाते ठरले की त्याची चावी स्वतःकडे घ्या. सेटिंगमध्ये गुगल, मग खाते व्यवस्थापन, मग सुरक्षा. तिथे पासवर्ड बदला, रिकव्हरीचा फोन नंबर आणि ईमेल स्वतःचे किंवा घरातल्या माणसाचे टाका, आणि 'युअर डिव्हायसेस'च्या यादीत अनोळखी फोन दिसला तर साइन आउट करा. रिचार्ज न केल्याने बंद पडलेला नंबर पुढे दुसऱ्या ग्राहकाला दिला जातो. रिकव्हरीला तोच जुना नंबर राहिला असेल तर विकत घेतलेल्या शंभर जीबीपर्यंत पोहोचायचा रस्ताच बंद होतो.

आणखी तीन अडथळे खात्यापाशीच असतात.

शाळेने, कॉलेजने किंवा संस्थेने दिलेल्या खात्यावर स्वतःच्या कार्डाने जागा घेता येतेच असे नाही. तिथली जागा संस्थेच्या ॲडमिनच्या हाती असते. शिक्षकांनी आणि विद्यार्थ्यांनी आपले घरगुती फोटो अशा खात्यात ठेवू नयेत. शाळा किंवा नोकरी बदलली की ते खाते बंद होऊ शकते.

मुलाने आखातातून किंवा परदेशातून पाठवलेला फोन, त्याच्याच खात्यासकट वापरला जातो, तेव्हा प्ले स्टोअरचा देश तिथलाच राहतो. किंमत परकीय चलनात दिसते आणि आपले यूपीआय पर्यायांत दिसतच नाही. प्ले स्टोअरच्या खाते-सेटिंगमध्ये देश बदलता येतो, पण वर्षातून एकदाच. म्हणून विचार करून बदला, किंवा आपले स्वतःचे भारतातले खाते वापरा.

घरात एकाने आधीच प्लॅन घेतला असेल तर दुसऱ्याने पुन्हा घेण्याची गरज नाही. गुगल वनच्या प्लॅनमधली जागा फॅमिली ग्रुपमधल्या आणखी पाच जणांना वाटता येते. जागा वाटली तरी एकाचे फोटो दुसऱ्याला दिसत नाहीत. ही खात्री नसल्याने एकेका घरात तीन-तीन प्लॅन चालू असतात.

पैसे भरताना अडले तर

क्लाउडचा प्लॅन म्हणजे एकदाची खरेदी नव्हे; दर महिन्याला किंवा दर वर्षाला आपोआप कापली जाणारी वर्गणी आहे. अशा वर्गणीसाठी रिझर्व्ह बँकेचे वेगळे नियम आहेत आणि बहुतेक व्यवहार तिथे अडतात. किराणा दुकानात क्यूआर स्कॅन करून पैसे जातात, मग इथे का जात नाहीत, याचे उत्तर हेच.

१ ऑक्टोबर २०२१ पासून कोणतीही कंपनी आपल्या कार्डावरून परस्पर दरमहा पैसे ओढू शकत नाही. त्यासाठी ई-मँडेट, म्हणजे ग्राहकाची नोंदवलेली संमती लागते. पहिल्या वेळी ओटीपी टाकून ती द्यावी लागते. पुढच्या प्रत्येक कपातीच्या किमान २४ तास आधी बँकेकडून सूचना यावी लागते. जून २०२२ मध्ये वाढवलेल्या मर्यादेनुसार साधारण १५,००० रुपयांपर्यंतच्या हप्त्याला दर वेळी ओटीपी लागत नाही. यूपीआयवर हीच सोय ऑटोपे या नावाने २०२० पासून आहे.

आता अडथळे एकेक करून पाहू.

कार्ड नाकारले जाते. रिझर्व्ह बँकेच्या २०२० च्या नियमानुसार नवे कार्ड हातात येते तेव्हा ते देशातल्या एटीएमवर आणि दुकानातल्या मशीनवरच चालते. ऑनलाइन व्यवहार ग्राहकाने स्वतः सुरू करावा लागतो. बँकेच्या ॲपमध्ये कार्ड कंट्रोल किंवा मॅनेज कार्ड असा भाग असतो. तिथे ऑनलाइन वापर चालू करा आणि मर्यादा ठरवा. ॲप नसेल तर शाखेत जाऊन सुरू करून घ्या. त्यानंतरही नाकारले तर बँकेला एकच प्रश्न विचारा: या कार्डावर ई-मँडेटची सोय आहे का? काही बँकांच्या कार्डांवर ती नसते. तसे असेल तर दहादा प्रयत्न करून उपयोग नाही, यूपीआय वापरा.

यूपीआयचा ऑटोपे मंजूर होत नाही. प्लॅन घेताना यूपीआय निवडले की तुमच्या यूपीआय ॲपमध्ये मँडेटची विनंती येते. ती काही मिनिटांतच पिन टाकून मंजूर करावी लागते. सूचना वर सरकून गेली की वेळ संपते आणि इकडे 'पेमेंट फेल' दिसते. यूपीआय ॲप आधी उघडून ठेवा आणि ऑटोपे किंवा मँडेट या भागात जाऊन विनंती शोधा. त्या विनंतीत 'इतक्या रुपयांपर्यंत' असा मोठा आकडा दिसू शकतो. तो आकडा म्हणजे मर्यादा. लगेच कापली जाणारी रक्कम नव्हे. प्रत्यक्षात प्लॅनची किंमत कापली जाते. तो आकडा पाहून पुष्कळ जण घाबरून नाकारतात. तरीही कंपनीचे नाव, किती दिवसांनी कपात आणि कोणत्या बँक खात्यातून, या तीन ओळी वाचल्याशिवाय पिन टाकू नका.

भलतेच बँक खाते जोडलेले असते. पीककर्जाचे खाते एका बँकेत, अनुदानाचे दुसरीकडे, पगाराचे किंवा धंद्याचे तिसरीकडे. यूपीआय ॲपमध्ये जे खाते मुख्य म्हणून ठेवले आहे त्यावर मँडेट बसतो. तिथे पुरेशी शिल्लक राहिली नाही तर पहिला हप्ता गेला तरी पुढच्या महिन्यात प्लॅन बंद पडतो.

'तुमच्या देशात उपलब्ध नाही' असे येते. व्हीपीएन चालू असेल तर बंद करा, फोनची तारीख-वेळ आपोआप ठरण्यावर ठेवा, प्ले स्टोअर अपडेट करा. मग वर सांगितल्याप्रमाणे खात्याचा देश तपासा.

चाक नुसते फिरत राहते. डोंगराच्या कुशीत, लेणीच्या दरीत रेंज येते-जाते. अशा ठिकाणी पैशाचा व्यवहार करूच नका. मँडेट मंजूर होताना नेटवर्क तुटले की पैसे एका टोकाला आणि पावती दुसऱ्या टोकाला राहते. घरी, चांगल्या वायफायवर किंवा स्थिर नेटवर्कवर बसून करा. चाक फिरत असताना मागे जाऊन पुन्हा बटण दाबू नका.

पहिल्यांदा घेताना महिन्याचा प्लॅन घ्या. गुगलचा १०० जीबीचा मासिक प्लॅन आजवर १३० रुपयांच्या घरात राहिला आहे; त्या क्षणाची किंमत स्क्रीनवर पाहूनच पुढे जा. कधी सुरुवातीच्या महिन्यांसाठी सवलतीचा दर असतो आणि नंतर पूर्ण दर लागतो. तो बारीक अक्षरांतला पुढचा दर वाचा. महिनाभर सगळे सुरळीत चालले की मग वार्षिक प्लॅनवर जा. तो एकूण स्वस्त पडतो.

पैसे गेले, जागा वाढली नाही

आता हात आखडता घ्या. दुसरे पेमेंट करू नका. या क्रमाने जा.

आधी बँकेचा मेसेज पाहा. पैसे खरेच वजा झाले आहेत का, की फक्त मँडेट नोंदल्याचा मेसेज आहे? दोन्ही मेसेज घाईत सारखे वाटतात.

मग प्ले स्टोअरमध्ये 'पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स' उघडा. खरेदी पूर्ण झाली असेल तर तिथे प्लॅन दिसतो आणि ईमेलवर पावती येते. त्या पावतीवर 'जीपीए' या अक्षरांनी सुरू होणारा ऑर्डर क्रमांक असतो. तो क्रमांक मिळाला म्हणजे पैसे कंपनीपर्यंत पोहोचले. ईमेल भरल्यामुळे पावती आली नसेल तर फोनमधल्या प्रत्येक खात्यावर जाऊन सबस्क्रिप्शन पाहा. बऱ्याच वेळा प्लॅन दुसऱ्या खात्याला लागलेला असतो. आयफोनवर ॲप स्टोअरमधून घेतला असेल तर तो ॲपलच्या सबस्क्रिप्शनमध्ये शोधा. जिथे घेतला तिथेच तो बदलता किंवा बंद करता येतो.

प्लॅन दिसतो आहे पण जागा जुनीच दिसते, असे असेल तर थोडा वेळ द्या. ॲप बंद करून उघडा, फोन पुन्हा सुरू करा, एक दिवस वाट पाहा. तरी बदल झाला नाही तर ॲपमधल्याच 'हेल्प' या भागातून ऑर्डर क्रमांक देऊन कंपनीला कळवा.

पैसे वजा झाले आणि कंपनीकडे काहीच नोंद नाही, तर व्यवहार मधेच लटकला आहे. याबाबत रिझर्व्ह बँकेचा २०१९ चा नियम ग्राहकाच्या बाजूने स्पष्ट आहे. यूपीआयने किंवा कार्डाने ऑनलाइन खरेदी करताना पैसे वजा झाले पण विक्रेत्याला मिळाल्याची खात्री झाली नाही, तर व्यवहाराच्या दिवसानंतर ५ दिवसांत ते आपोआप परत आले पाहिजेत. त्यापुढे उशीर झाला तर दिवसाला १०० रुपये भरपाई ग्राहकाला देय आहे, आणि ती मागावी लागू नये असे नियम सांगतो.

म्हणून पाच दिवस थांबा, पण पुरावा त्याच दिवशी जमवा. यूपीआय ॲपमधला १२ अंकी संदर्भ क्रमांक, बँकेच्या मेसेजचा स्क्रीनशॉट, तारीख आणि वेळ, रक्कम. पैसे आले नाहीत तर यूपीआय ॲपमधून त्याच व्यवहारावर तक्रार नोंदवा आणि शाखेत लेखी अर्ज द्या. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. तोंडी सांगितलेल्या तक्रारीला पुढे कोणी विचारत नाही. बँकेने ३० दिवसांत उत्तर दिले नाही किंवा समाधान केले नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे तक्रार करता येते. त्यासाठी पैसे लागत नाहीत आणि वकीलही लागत नाही. १४४४८ या क्रमांकावर माहिती मिळते. कंपनीच्या सेवेबद्दल तक्रार असेल तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे.

मदतीच्या नावाने येणारे फोन

पैसे अडकलेला माणूस घाबरलेला असतो आणि भामट्यांना तोच हवा असतो. इंटरनेटवर 'कस्टमर केअर नंबर' म्हणून शोधल्यावर जे नंबर दिसतात त्यांतले पुष्कळ खोटे असतात. त्यावर फोन केला की पलीकडून गोड आवाजात रिफंड देतो म्हणतात, स्क्रीन दाखवणारे एखादे ॲप टाकायला लावतात, किंवा 'पैसे घेण्यासाठी पिन टाका' म्हणतात.

एवढे पक्के लक्षात ठेवा. पैसे घेण्यासाठी यूपीआय पिन कधीच लागत नाही; पिन टाकला की पैसे जातात. ओटीपी बँकेलाही सांगायचा नसतो. 'स्टोरेज भरले, तुमचे फोटो आज रात्री पुसले जातील' असा मेसेज लिंकसकट आला तर लिंक उघडू नका. स्वतः ॲप उघडून जागा पाहा. गुगलची जागा भरली म्हणून रातोरात काही पुसले जात नाही. जागा सलग दोन वर्षे मर्यादेबाहेर राहिली तर, किंवा खाते दोन वर्षे वापरलेच नाही तर, मजकूर जाण्याची शक्यता असते, आणि त्याआधी सूचना येतात. घाई भामट्याला असते, कंपनीला नसते.

फसवणूक झालीच तर लाजून गप्प बसू नका. लगेच १९३० वर फोन करा आणि राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर तक्रार नोंदवा. पहिल्या काही तासांत कळवले तर पैसे पुढच्या खात्यात गोठवता येण्याची शक्यता जास्त असते.

जागा मिळाली, दुसरी प्रत कुठे आहे?

प्लॅन लागला, फोटो चढले, आता काळजी मिटली असे वाटते. अजिंठ्याच्या माणसाने तरी तसे मानू नये, कारण प्रती एका ठिकाणी ठेवल्या की काय होते हे या लेण्यांच्या इतिहासात दोनदा घडून गेले आहे.

मद्रास लष्करातला अधिकारी रॉबर्ट गिल याला ईस्ट इंडिया कंपनीने १८४४ मध्ये अजिंठ्याच्या भित्तिचित्रांच्या प्रती करण्याच्या कामावर नेमले. अजिंठा गावात राहून, वर्षानुवर्षे लेण्यांत बसून त्याने मोठमोठ्या कॅनव्हासवर चित्रे उतरवली. ती लंडनला गेली आणि सिडनहॅमच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये मांडली गेली. डिसेंबर १८६६ मध्ये तिथे आग लागली आणि मांडलेली चित्रे जळाली. मोजके कॅनव्हास वाचले ते प्रदर्शनात नव्हते म्हणून. पुढे १८७२ पासून मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टचे जॉन ग्रिफिथ्स आपल्या विद्यार्थ्यांना घेऊन आले आणि तेच काम पुन्हा हाती घेतले. त्यांच्या प्रतीही लंडनच्या साउथ केन्सिंग्टन संग्रहालयात गेल्या आणि १८८५ च्या आगीत त्यांतल्या बऱ्याच नष्ट झाल्या. या काळात भिंतींवरची मूळ चित्रेही झिजत, सुटत होती. प्रत जळाली आणि भिंतीवरचा तो भागही गेला, असे जिथे झाले तिथे ते चित्र आता कुठेच नाही.

संग्रहालय भक्कम होते, नावाजलेले होते. चूक एवढीच की जपलेले एकाच छपराखाली होते. क्लाउड कंपनीचेही छप्पर एकच असते. तिचे सर्व्हर सहसा आगीत जात नाहीत, पण तुमचे खाते जाऊ शकते: पासवर्ड विसरला, नंबर बंद पडला, कोणी खाते पळवले, हप्ता भरायचा राहिला, घरातल्या लहानग्याने सगळे निवडून डिलीट दाबले. क्लाउडवर केलेले डिलीट सगळ्या फोनांवर पोहोचते.

म्हणून महत्त्वाच्या वस्तूंच्या तीन प्रती असाव्यात: एक फोनमध्ये किंवा कॉम्प्युटरवर, एक क्लाउडवर आणि एक बाहेरच्या हार्ड डिस्कवर. ती हार्ड डिस्क शक्य तर दुसऱ्या घरात, भावाकडे किंवा बहिणीकडे ठेवावी. सहा महिन्यांतून एकदा ती जोडून दोन-चार फाइली उघडून पाहाव्यात; नुसती ठेवलेली डिस्क चालते की नाही हे गरज पडेल तेव्हा कळून उपयोग नाही. फोटोग्राफरांनी मूळ दर्जाचे फोटो आधी डिस्कवर घ्यावेत आणि मगच जागा वाचवणारा 'स्टोरेज सेव्हर' दर्जा निवडावा. एकदा कमी केलेला दर्जा परत येत नाही.

पहिला बॅकअप हंगामाच्या आधी उरका. अपलोडचा वेग १० एमबीपीएस असेल तर तासाला साडेचार जीबी चढतात. ६४ जीबीचे कार्ड चढवायला चौदा तासांहून अधिक लागतात, आणि तेही वेग कुठे न घसरता. रात्री फोन चार्जिंगला लावून, वायफायवर, दोन-तीन रात्रींत हे काम होते. मोबाइल डेटावर बॅकअप चालू ठेवला तर रोजचा दीड-दोन जीबीचा पॅक सकाळीच संपतो.

हंगामाआधी करायची कामे

घरातल्या प्रत्येक फोनवर कोणते खाते आहे ते वहीत लिहा. रिकव्हरीचा नंबर चालू आहे ना, ते पाहा. प्लॅनची तारीख आणि ज्या बँक खात्यातून कपात होते त्याचे नाव त्याच पानावर नोंदवा, आणि त्या तारखेच्या दोन दिवस आधी शिल्लक तपासा. जुने कार्ड बदलून नवे आले असेल तर मँडेट पुन्हा द्यावा लागेल, हे लक्षात ठेवा. जो प्लॅन नको असेल तो आधी प्ले स्टोअरमधून रद्द करा, मग यूपीआय ॲपमधला ऑटोपे बंद झाला का तेही पाहा. नुसते ॲप काढून टाकल्याने वर्गणी थांबत नाही.

हे सगळे घरातल्या एका तरुण मुलाच्या किंवा मुलीच्या हवाली करून मोकळे होऊ नका. ज्याच्या नावावर खाते आहे त्याला स्वतःला ते उघडता आले पाहिजे, पावती शोधता आली पाहिजे आणि मँडेट थांबवता आला पाहिजे. आईला तिच्या फोनवर हे एकदा शांतपणे बसून शिकवले तर पुढे पैसे अडले तरी ती दुकानादुकानांत फोन घेऊन फिरणार नाही. बँकेच्या खिडकीवर संदर्भ क्रमांक दाखवून आपले पैसे मागेल.